परसाकडून परसबागेकडे: माणसाचं खत वापरायला शिकताना

आमच्याकडे जुनी माणसं संडासला जाताना ‘परसाकडं जाऊन येतो’ म्हणायची. घरामागचा परस. तिथंच केळी, तिथंच अळू, न्हाणीचं पाणी नेणारी चर तिथंच, आणि चार पावलं पुढं आडोसा. आता आपण ‘परसबाग’ कौतुकानं म्हणतो आणि ‘परसाकडे’ म्हणताना आवाज खाली आणतो. शब्द एकच. माणसाच्या विष्ठेपासून झालेल्या खताला मराठीत ‘सोनखत’ म्हणतात. ज्यांनी हे नाव ठेवलं त्यांना त्याची किंमत माहीत होती.

आमचं घर बेळगावहून उचगावकडे जाताना लागतं. तांबडी माती, मागे दीड-दोन गुंठे जागा, चार केळी, दोन नारळ, कढीपत्ता, एक पपई आणि हंगामाप्रमाणे मिरची, वांगी, दोडका, कोबी. गेली काही वर्षं घरातल्या माणसांची लघवी आम्ही खत म्हणून वापरतो, आणि दोन खड्ड्यांच्या संडासातलं सोनखतही एकदा काढून झालंय. ओळखीतले लोक विचारतात, पण निम्मं विचारतात आणि निम्मं गिळतात. त्यांच्यासाठी हे सगळं सविस्तर लिहून ठेवते आहे.

आधी किळस आणि धोका वेगळे करा

किळस ही एक गोष्ट आणि धोका ही दुसरी. आपल्या घरांत ह्या दोन्ही ‘ओवळं’ ह्या एकाच शब्दाखाली झाकून टाकल्या गेल्या, त्यामुळं जिथं घाबरायला हवं तिथं आपण बेफिकीर राहतो आणि जिथं घाबरायचं कारण नाही तिथं नाक मुरडतो. उघड्या गटारात वाहणारा मैला आपण रोज ओलांडून जातो. त्याच नाल्याच्या पाण्यावर वाढलेली भाजी बाजारातून आणून नुसती धुऊन खातो. पण स्वतःच्या घरातली, निरोगी माणसाची लघवी दहापट पाण्यात घालून केळीला दिली तर ‘अय्यो’ म्हणतो.

खरा धोका विष्ठेत आहे. टायफॉईड, कॉलरा, कावीळ, हगवण यांचे जंतू आणि जंतांची अंडी तिथून पसरतात. गोल जंताची अंडी तर इतकी चिवट की मातीत वर्षानुवर्षं टिकतात. अंकुशकृमीची अळी ओल्या मातीतून अनवाणी पायाच्या कातडीतून आत शिरते. म्हणून विष्ठा कधीही ताजी वापरायची नाही. तिला वेळ द्यायचा, भरपूर वेळ.

लघवीचं तसं नाही. ती अगदी निर्जंतुक असते असं नाही, पण निरोगी माणसाच्या लघवीत रोग पसरवणारे जंतू फार कमी असतात. आणि गंमत म्हणजे झाडाला हवं ते बहुतेक सगळं तिच्यातच असतं. आपल्या शरीरातून बाहेर पडणाऱ्या नत्रातलं (नायट्रोजन) चार-पंचमांशाहून जास्त लघवीतून जातं, स्फुरद (फॉस्फरस) आणि पालाशही (पोटॅश) निम्म्याहून जास्त तिच्यातूनच. म्हणजे जास्त फायद्याची गोष्ट कमी धोक्याची आहे. नवख्या माणसानं सुरुवात तिथूनच करावी. पहिलं वर्ष फक्त लघवी. विष्ठेचा विचार नंतर.

हिशेब सांगते. भारतीय आहारावर एका माणसाच्या वर्षभराच्या लघवीत साधारण 2.3 किलो नत्र असतं. म्हणजे पाच किलो युरिया. चौघांच्या घरात वीस किलो, 45 किलोच्या पोत्याच्या निम्म्याहून थोडं कमी. साठवताना, ओतताना काही उडून जातं ते वेगळं. युरिया स्वस्त आहे, त्यामुळं पैशाची बचत फार नाही, हे मी कुणापासून लपवत नाही. पण लघवीत स्फुरदही आहे, आणि ते झाडाला लगेच घेता येईल अशा रूपात. देशाला लागणारा बहुतेक खडकी फॉस्फेट मोरोक्को, जॉर्डनसारख्या देशांतून जहाजानं येतो. खानापूर-बेळगावकडची जांभ्याची तांबडी माती तर स्फुरद घट्ट धरून ठेवते, पिकाला सहज देत नाही. आपल्या घरातून तेच स्फुरद रोज पाण्यानं ढकलून आपण नाल्यात सोडतो, आणि तिथं त्यावर जलपर्णी माजते.

हे काही आमच्या घरात लागलेले शोध नाहीत. बेंगळूरच्या कृषी विद्यापीठानं मका आणि केळीवर मानवी मूत्राचे रीतसर प्रयोग केलेत. जागतिक आरोग्य संघटनेनं 2006 मध्ये मलमूत्र शेतीत सुरक्षितपणे कसं वापरावं याची मार्गदर्शक तत्त्वं छापली. खाली जे नियम आहेत ते बरेचसे तिथलेच आहेत, आमच्या पावसापाण्याला जुळवून घेतलेले.

पहिली पायरी: गोळा करणं

घट्ट झाकणाचा पाच लिटरचा प्लास्टिकचा कॅन, खाद्यतेलाचा रिकामा चालतो. एक मोठं नरसाळं. पुरुषांचं काम इथं संपलं. बायकांसाठी रुंद तोंडाचं डबडं किंवा दवाखान्यात मिळतं तसं बेडपॅन, आणि ते लगेच कॅनमध्ये ओतायचं. आमच्याकडे न्हाणीच्या कोपऱ्यात एक झाकणाची छोटी बादली फक्त ह्याच कामासाठी आहे. सकाळची पहिली लघवी तेवढी धरली तरी सुरुवातीला पुरे.

भांडं धातूचं नको. लघवी लोखंड खाते, तांब्या-पितळेची तर वाटच लावते.

पाणी घालून साठवू नका. जितकी घट्ट तितकी चांगली. काही दिवसांत तिच्यातल्या युरियाचा अमोनिया होतो आणि ती अल्कधर्मी बनते. हाच अमोनिया जंतू मारतो. हाच उडून गेला तर खतही गेलं आणि वासही सुटला. म्हणून झाकण. वासाची तक्रार घेऊन येणाऱ्या प्रत्येकाला मी आधी कॅनचं झाकण दाखवायला सांगते, दहापैकी नऊ वेळा ते सैल असतं.

काही दिवसांनी कॅनच्या बुडाशी पांढरट साका बसतो. तो घाण समजून टाकू नका, तेच स्फुरद आहे. वापरण्याआधी कॅन हलवून घ्या.

कॅनवर मोठ्या अक्षरांत लिहा: ‘झाडाचं खत, हात लावू नये’. आमच्या गल्लीत मराठी, कन्नड दोन्ही बोलतात, म्हणून मी दोन्हीत लिहिलंय. फिनेल, रॉकेल, मध, काकवी, सगळं आपण अशाच कॅनमध्ये ठेवतो. लहान मुलांचा हात पोहोचणार नाही अशी जागा निवडा.

कुणाची घेऊ नये? टायफॉईड, कावीळ, लघवीचा संसर्ग असलेल्यांची नको. प्रतिजैविकं चालू असतील तर तो कोर्स संपून आठवडा जाईपर्यंत नको. कॅन्सरची औषधं चालू असलेल्यांची अजिबात नको. जिच्यात विष्ठेचा अंश गेला असेल ती ओतून टाका, संडासात.

पाळीच्या दिवसांचं बायका मला कानात विचारतात, म्हणून उघडच लिहिते. रक्तानं झाड मरत नाही. पाळीतल्या बाईचा हात लागला की तुळस सुकते, लोणचं नासतं, हे ऐकत आपण वाढलो. तुळस सुकते ती पाणी न दिल्यानं किंवा जास्त दिल्यानं. त्या चार दिवसांतली लघवी मी भाजीला देत नाही, कुजवणीच्या ढिगावर ओतते, कारण रक्तातून जाणारे काही आजार असतात आणि सावध राहिलेलं बरं. कारण एवढंच. त्यात विटाळ कुठं नाही.

दुसरी पायरी: किती दिवस ठेवायची

स्वतःच्या घरातली, स्वतःच्याच बागेत घालणार असाल तर साठवण सक्तीची नाही. ज्या घरात माणसं एका ताटात जेवतात तिथं आजार पसरायला बाग लागत नाही. फक्त शेवटचं देणं आणि काढणी यांत एक महिना ठेवायचा. पण भाजी शेजाऱ्यांना देणार असाल, विकणार असाल, किंवा दुसऱ्या घरांची लघवी घेणार असाल तर बंद कॅनमध्ये सहा महिने ठेवा, 20 अंशांच्या वर. बेळगावच्या डिसेंबर-जानेवारीत रात्री चांगल्याच गार असतात, तेव्हा कॅन उन्हाच्या भिंतीला लावा आणि ते दोन महिने हिशेबात धरू नका.

तिसरी पायरी: देणं

इथं मी चुकले होते, म्हणून जरा थांबून सांगते. पहिल्या वर्षी मिरचीच्या रोपांना एकाला तीन पाणी घालून दिली. रोपं वीतभर होती, माती कोरडी होती, दुपारची वेळ. तिसऱ्या दिवशी पानांच्या कडा भाजल्यासारख्या झाल्या, आठवड्यात अठरापैकी अकरा रोपं गेली. सासूबाई काही बोलल्या नाहीत, तेच जास्त लागलं. दोष लघवीचा नव्हता, प्रमाणाचा होता. शेणखत ताजं घातलं तरी हेच होतं.

तर, कुंड्या आणि कोवळी रोपं: एक भाग लघवीला दहा भाग पाणी, बारा इंची कुंडीला अर्धा लिटर मिश्रण, पंधरा दिवसांतून एकदा. जमिनीतली धरलेली झाडं: एकाला पाच. केळीच्या एका खुंटाला आठवड्याला अर्धा लिटर लघवी, चार-पाच लिटर पाण्यातून. नारळाला आठवड्याला दोन लिटर, बादलीभर पाण्यात, बुंध्यापासून हात-दीड हात लांब आळं करून.

भाजीच्या वाफ्याचा ठोकताळा सोपा आहे: एका माणसाची एका दिवसाची लघवी, म्हणजे लिटर-दीड लिटर, एका चौरस मीटरला, पूर्ण हंगामाला. दहा फूट लांब-रुंद वाफा नऊ चौरस मीटरचा होतो, त्याला तेरा-चौदा लिटर, ते चार-पाच वेळा विभागून. हा आकडा बघितला की लक्षात येतं, आपल्याजवळ गरजेपेक्षा जास्त आहे. एका माणसाची वर्षाची लघवी तीन-चार गुंठ्यांच्या एका पिकाला पुरते. दीड गुंठ्यात चौघांची ओतत बसलात तर कोबीला पानंच पानं येतील, गड्डा धरणार नाही. उरलेल्याचं काय करायचं ते पुढं येतंय.

ओतण्याची पद्धत: संध्याकाळी, ओल्या मातीत. खोडापासून वीतभर लांब खुरप्यानं उथळ चर काढा, त्यात ओता, माती ओढा, वरून साधं पाणी द्या. पानांवर कधीच नाही. माती ओढल्यावर दोन मिनिटांत वास जातो.

कशाला द्यावी: केळी, मका, वांगी, मिरची, दोडका, भोपळा, कोबी, पपई, कढीपत्ता, नारळ. शिजवून खायचं किंवा जमिनीपासून उंच लागणारं ते उत्तम. कशाला नको: गाजर, मुळा, कांदा, कोथिंबीर, काकडी, जे आपण कच्चं खातो आणि जे मातीला चिकटून असतं. श्रावणघेवडा, वाल, भुईमूग यांनाही नको, ती आपलं नत्र आपणच हवेतून घेतात.

पावसाचं वेगळं. जूनच्या मध्यापासून सप्टेंबरपर्यंत आमच्या पश्चिम भागात, आणि खानापूरच्या जंगलपट्ट्यात तर विचारूच नका, पाऊस असा लागतो की आज दिलेलं उद्या ओढ्यात. ह्या काळात भाजीला देणं थांबवा आणि साठवा. ऑक्टोबरात जमीन वाफशावर आली, म्हणजे चिखल जाऊन बेताची ओल राहिली, की हीच साठवण रब्बीच्या भाजीला कामाला येते, आणि तोवर जूनमधल्या कॅनचे चार महिने आपोआप भरलेले असतात. विहिरीपासून पंधरा मीटर लांब राहा, वर्षभर.

पूर्वेकडे, गोकाक, रायबाग, अथणीकडे काळी जमीन आहे. कालव्याच्या पाण्यानं ज्या जमिनी फुटल्यात, वर पांढरं मीठ दिसतं, तिथं लघवी घालू नका. तिच्यात मीठ आहेच. निचरा चांगला असेल तरच, तेही पावसाळ्याच्या तोंडावर, जपून.

उरलेल्याचं सोनं पाचटात

मला स्वतःला हा भाग सगळ्यांत आवडतो. ज्यांच्या घरात अजून ‘झाडाला मूत घालणं’ पचत नाही त्यांनी इथूनच सुरुवात करावी.

आमच्या जिल्ह्यात ऊस किती आहे ते सांगायला नको. तोडणी झाली की फडात पाचट, म्हणजे उसाचा वाळका पाला, पेटवतात, संध्याकाळी आभाळ काळं होतं, अंगणात काजळी पडते. पाचट लवकर कुजत नाही कारण त्यात कर्ब (कार्बन) भरपूर आणि नत्र नावापुरतं. लघवीत नेमकं उलटं. दोघांची गाठ घालून दिली की काम झालं.

कमरेएवढा उंच ढीग लागेल इतकं पाचट आणा, जमलं तर कोयत्यानं तोडून घ्या. नसेल तर वाळका पालापाचोळा, भाताचं तूस, नारळाच्या सोडणाचा भुसा. वीतभर थर, तो पाण्यानं ओला करायचा, वर न पातळ केलेली लघवी शिंपडायची, वर घमेलंभर माती. पुन्हा थर. दहा किलो कोरड्या पाचटाला सगळी मिळून दहा-बारा लिटर, पण एका दमात नाही, दोन-तीन आठवड्यांत. माती विसरू नका, ती अमोनिया धरून ठेवते. राख ह्या ढिगात घालू नका. राख खत म्हणून चांगली, पण लघवीशी गाठ पडली की अमोनिया उडवते, ती बागेत वेगळी टाका. महिन्यातून एकदा ढीग वरखाली करा. हात घातला तर आत ऊब लागली पाहिजे. पाच-सहा महिन्यांत काळं, भुसभुशीत खत होतं, आणि त्याला मातीचाच वास येतो.

आमच्या शेजारच्या कन्नड आजी ढिगाला ‘तिप्पे’ म्हणतात. त्यांच्या माहेरी, सौंदत्तीकडे, रात्री गडीमाणसं मुद्दाम तिप्पेवरच लघवीला जायची म्हणे. मराठीत आपण म्हणतो, बारा वर्षांनी उकिरड्याचाही पांग फिटतो. आजींनी माझा ढीग बघितला आणि विचारलं काहीच नाही, नुसतं लाकडानं टोचून आत बघितलं आणि म्हणाल्या, पाणी कमी पडूलंय.

घरातल्यांशी बोलणं

तंत्र सोपं आहे, हे अवघड.

सासूबाईंनी मला पहिल्यांदा पकडलं तेव्हा त्यांचा प्रश्न होता, “काय ओतूलैस गे त्या केळीला?” मी खरं सांगितलं. त्या दिवशी त्यांनी त्या केळीचं पान जेवायला घेतलं नाही. मी वाद घातला नाही. त्यांच्या तीन अटी होत्या: तुळशीला नाही, देवाला वाहायच्या जास्वंदीला आणि दूर्वांना नाही, आणि नैवेद्याच्या दिवशी त्या केळीचं पान नाही. मी तिन्ही मानल्या, आजही पाळते. ज्या झाडाशी कुणाची श्रद्धा बांधलेली आहे तिथं आपला प्रयोग करू नये. बाग मोठी आहे.

लोक गोमूत्र शिंपडतात, शेणानं सारवतात, शेतात जीवामृत घालतात, आणि त्यात चूक काही नाही. जनावराच्या पोटातून आलेलं जमिनीला चालतं ही समज आपल्याकडे पक्की आहेच. ती समज माणसापर्यंत आणायची आहे, एवढंच. नव्यानं काही पटवायचं नाही. मी बोलताना ‘मूत’ म्हणत नाही आणि ‘मूत्र’ही म्हणत नाही, ‘खत’ म्हणते. पण कुणी विचारलं तर लपवत नाही. लपवून वाढवलेली भाजी कुणाच्याही ताटात वाढू नये. समोरच्यानं नको म्हटलं तर त्याचा मान ठेवायचा.

ह्या किळसेची एक बाजू मात्र मान ठेवण्यासारखी नाही. आपण मैल्याला शिवायचं टाळलं आणि ते काम पिढ्यान्‌पिढ्या काही जातींच्या माणसांच्या डोक्यावर ठेवलं. अगदी शब्दशः डोक्यावर, पाट्यांतून. पुण्या-नाशकात एकोणिसाव्या शतकात सोनखत उसाला विकलं जायचं, आणि ते वाहणारी माणसं कोण होती हे सगळ्यांना माहीत आहे. आपल्या कर्नाटकात बी. बसवलिंगप्पा मंत्री असताना 1970 च्या दशकात डोक्यावरून मैला वाहण्यावर बंदी आली. तरी 2010 मध्ये हावेरी जिल्ह्यातल्या सवणूरला सफाईचं काम करणाऱ्या कुटुंबांतल्या माणसांनी आपली दाद लागत नाही म्हणून सगळ्यांदेखत अंगावर मैला ओतून घेतला. देशभरासाठीचा, माणसाकडून मैला साफ करवून घेण्यास मनाई करणारा सध्याचा कायदा 2013 चा आहे.

म्हणून आमच्या घरचा पहिला नियम: आपल्या घरचं आपण काढायचं. कॅन, बादली, खड्डा, सगळं. मजूर लावून सोनखत काढून घ्यायचं असेल तर ते करूच नका, त्यापेक्षा युरियाचं पोतं आणा. घाट उतरून कणकवलीला गेलं की गोपुरी आश्रम लागतो. तिथले अप्पासाहेब पटवर्धन ह्याच कामात आयुष्यभर राहिले. 1932 मध्ये रत्नागिरीच्या तुरुंगात सफाईचं काम आपल्यालाही करू द्यावं म्हणून त्यांनी उपोषण केलं आणि येरवड्यातून गांधीजींनी त्यांच्यासाठी उपवास धरला. त्याच्या आठ वर्षं आधी, डिसेंबर 1924 मध्ये, गांधीजी आपल्या बेळगावच्या टिळकवाडीत काँग्रेसचे अध्यक्ष म्हणून आले होते. ह्या मातीला हे विचार परके नाहीत.

दुसऱ्या वर्षी: दोन खड्ड्यांचा संडास

सेप्टिक टँकवाल्यांनी हा भाग वाचून आपली टाकी उघडायला जाऊ नये. टाकीतला गाळ सोनखत नव्हे, तो ताजाच आहे. आत जीव घेणारा वायू असतो, क्षणात माणूस कोसळतो आणि वाचवायला उतरलेलाही जातो. टाकीत कुणालाही उतरवू नका, कितीही पैसे देऊन नाही. मशीनची गाडी बोलवा.

सोनखत मिळतं ते जोडखड्ड्याच्या संडासातून. सरकारी योजनांतून गावागावांत बांधले गेलेत त्यांतले बरेच हेच. एका भांड्यातून पाइप एका हौदीत येतो, तिथून दोन वाटा फुटतात, एक वाट बंद असते. एक खड्डा भरेपर्यंत दुसरा रिकामा. भरला की वाट बदलायची आणि भरलेल्याला हात लावायचा नाही. पाच-सहा माणसांच्या घराला मीटरभर रुंद आणि मीटरभरापेक्षा थोडा जास्त खोल खड्डा पुरतो, साधारण तीन वर्षं जातात भरायला. दोन खड्ड्यांत किमान मीटरभर अंतर. खड्ड्याच्या भिंतीत जाळीसारख्या फटी ठेवायच्या, वीट असो की जांभ्याचा चिरा, म्हणजे पाणी मातीत मुरतं. तळ मातीचा, सिमेंट नाही. विहीर-बोअरपासून लांब. खानापूरकडे पावसाळ्यात पाणी हातभर खाली असतं अशा जागी हा संडास जमिनीवर उंच बांधावा लागतो किंवा त्याचा नाद सोडावा लागतो.

बांधताना स्वतः उभं राहा. आमच्या गवंड्यानं दोन्ही वाटा उघड्या ठेवल्या होत्या, त्याला वाटलं जास्त जागा म्हणजे जास्त चांगलं. दोन्ही खड्डे बरोबरीनं भरत गेले आणि हे आम्हाला दोन वर्षांनी कळलं. तेव्हा एक वाट विटेनं आणि मातीनं बंद केली आणि हिशेब पुन्हा शून्यापासून सुरू झाला. हौदीचं झाकण उचलून बघा, तुमच्याकडेही असंच असू शकतं.

खड्ड्यात आंघोळीचं पाणी, फिनेल, ॲसिड, पॅड, प्लास्टिक काही नाही. ॲसिडनं कुजवणारे जीव मरतात, मग खड्डा नुसता साचून राहतो.

बंद केलेला खड्डा किती दिवस? आमच्या हवेत एक वर्षाच्या वर चालतं असं मार्गदर्शक तत्त्वं सांगतात. मी दोन वर्षं सांगते, दोन पावसाळे. जंतांच्या अंड्यांसाठी. तारीख झाकणावर ओल्या सिमेंटमध्ये कोरून ठेवा, आठवणीवर सोडू नका.

उघडायचं ते उन्हाळ्यात, एप्रिलमध्ये. झाकण काढून अर्धा दिवस तसंच राहू द्या. गमबूट, रबरी हातमोजे, तोंडाला फडकं, लांब दांड्याचं फावडं, वरूनच काढायचं. मुलं आणि कोंबड्या लांब. ओलं किंवा वास येणारं काही लागलं तर थांबा, झाका, आणखी सहा महिने जाऊ द्या. आम्ही उघडला तेव्हा मी मनाची फार तयारी करून गेले होते. आत काळी, भुगा झालेली माती होती. वळवाच्या पहिल्या सरीनंतर येतो तसा वास. सासूबाई दारात उभ्या होत्या, पदर नाकाला. थोड्या वेळानं पदर खाली आला. “ह्ये तर शेणखतच हाय की,” म्हणाल्या.

काढलेलं सोनखत ताडपत्रीवर पसरून महिनाभर उन्हात वाळवा. ते भाजीला नको, दोन वर्षं झाली तरी नको. नारळ, आंबा, चिकू, केळीचा नवा खड्डा, फुलझाडं. खड्ड्यात तळाला दोन घमेली, वर माती, मग रोप. अवजारं वेगळी ठेवा, काम झालं की धुऊन उन्हात वाळवा. हात साबणानं, नखांसकट.

काही अडलं तर

पानांची टोकं करपली: प्रमाण जास्त झालं. तीन-चार वेळा नुसतं भरपूर पाणी द्या, महिनाभर खत बंद.

झाड हिरवंगार, पण फूल नाही: नत्र जास्त. थांबा. चुलीतली राख मूठभर, बुंध्यापासून लांब.

मातीवर पांढरी पापुद्री: मीठ. कुंडी असेल तर वरची दोन बोटं माती बदला आणि खालची भोकं मोकळी आहेत का बघा. जमिनीत असेल तर पुढच्या पावसाळ्यापर्यंत तिथं घालू नका.

ढिगातून नाकाला झोंबणारा वास: पाचट कमी, लघवी जास्त. कोरडं घाला, माती घाला.

ढीग थंडच: कोरडा पडलाय. एक बादली पाणी, आणि दुसऱ्या दिवशी हात घालून बघा.